षड्जाचा रंग कोणता?

दिवाळी अंकासाठी संपादकांनी या सदराला नेहमीपेक्षा जास्त पाने दिली आहेत. एरवी दर आठवड्याला विषयाची जेमतेम ओळख होते न होते तोच पान संपते, आणि मग वाचकांची पत्रे येतात की, 'सुरुवात छान झाली होती, पण पुढे काय?' म्हणून वर्षभर बाजूला ठेवलेला एक विषय आज काढतो. विषय आहे गाण्याचा आणि रंगांचा, आणि या दोहोंच्या जोरावर माणसाचे बिघडलेले चित्त ताळ्यावर आणून देऊ म्हणणाऱ्या एका 'प्राचीन' शास्त्राचा.

तो तक्ता आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेला असेल. सोसायटीच्या सूचनाफलकावर पाण्याच्या वेळापत्रकाशेजारी तो लागतो, मोबाईलवर सकाळच्या शुभेच्छांबरोबर येतो. पद्मासन घातलेली एक मानवाकृती. तिच्या कण्यावर खालून वर सात कमळे. सात कमळांना सात रंग. आणि प्रत्येक रंगासमोर एकेक स्वर. मूलाधाराला तांबडा आणि षड्ज, स्वाधिष्ठानाला नारिंगी आणि ऋषभ, असे करत करत मस्तकावरच्या सहस्राराला जांभळा आणि निषाद. शाळेत आपण 'तानापिहिनिपाजा' घोकले आणि पेटीच्या क्लासात 'सारेगमपधनी'. दोन्हींत अक्षरे सातच. ती एकमेकांसमोर मांडली की जोड अशी काही बेमालूम बसते की वाटावे, विधात्यानेच ती नेमून दिली असावी. तक्त्याखाली ओळ ठरलेली असते: हजारो वर्षांपूर्वी आपल्या ऋषिमुनींनी हे ज्ञान सांगून ठेवले आहे. त्याखाली क्लासची वेळ आणि फी.

आता ऋषिमुनींचे राहू द्या, पण गाण्यावर संस्कृतात ज्याने सर्वांत भरभक्कम ग्रंथ लिहिला त्याला विचारायला आपल्याला फार लांब जावे लागत नाही. छत्रपती संभाजीनगराहून वेरूळला जाताना वाटेत देवगिरीचा किल्ला लागतो. तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात तिथे यादवांचा राजा सिंघण राज्य करीत होता आणि त्याच्या पदरी शार्ङ्गदेव नावाचा गृहस्थ होता. घराणे मूळचे काश्मीरचे. आजोबा दक्षिणेत उतरले, वडील सोढल यादवांच्या आश्रयाला आले, आणि चिरंजीव राज्याचे मुख्य हिशेबनीस झाले. दिवसभर जमाखर्चाच्या वह्या तपासायच्या आणि उरलेल्या वेळात श्रुती, मूर्च्छना, ताल आणि वाद्ये यांचा हिशेब मांडायचा, असा हा माणूस. त्याच्या 'संगीतरत्नाकरा'चे सात अध्याय आजही संगीताच्या अभ्यासकांना पुरून उरतात.

शार्ङ्गदेव स्वरांना रंग देतो, हे खरे आहे. षड्ज कमळाच्या रंगाचा. ऋषभ पिंजर, म्हणजे तांबूस पिवळा. गांधार सोन्यासारखा. इथपर्यंत तक्तेवाल्यांच्या तोंडाला पाणी सुटेल, कारण तांबडा, नारिंगी, पिवळा ही रांग जवळजवळ जुळत आली! पण मध्यमापाशी गाडी रुळावरून घसरते. मध्यम कुंदाच्या फुलासारखा पांढराशुभ्र. पंचम काळा. धैवत पिवळा. आणि निषाद चित्रविचित्र, सगळ्या रंगांची खिचडी. म्हणजे इंद्रधनुष्याचा हिरवा नाही, निळा नाही, जांभळाही नाही. त्याच्याही आधीच्या 'नारदीय शिक्षे'त साधारण हीच यादी आहे, म्हणजे हे हिशेबनिसाच्या मनाचे खेळ नव्हेत. ही परंपराच होती.

रंगांवरच तो थांबत नाही. षड्ज मोराच्या कंठातून येतो, ऋषभ चातकाच्या, गांधार बोकडाच्या, मध्यम क्रौंच पक्ष्याच्या, पंचम कोकिळेच्या, धैवत बेडकाच्या आणि निषाद हत्तीच्या. प्रत्येक स्वराचे एकेक द्वीप आहे, देवता आहे, ऋषी आहे, छंद आहे, रस आहे. फार काय, स्वरांना जातीही आहेत. षड्ज, मध्यम आणि पंचम हे ब्राह्मण, ऋषभ आणि धैवत क्षत्रिय, गांधार आणि निषाद वैश्य. त्या काळच्या पंडितांना सारे विश्व एका चौकटीत बसवून दाखवण्याची हौसच होती. तक्तेवाले या सगळ्यातून रंग तेवढे उचलतात आणि बेडूक मात्र सोडून देतात. का बरे? धैवत बेडकाचा म्हटले तर फी कोण देईल!

चक्रांचे तर आणखी नवल आहे. 'संगीतरत्नाकरा'च्या पहिल्याच अध्यायात मनुष्यदेहाचे वर्णन आहे आणि त्यात चक्रे येतात. पण ती सात नाहीत, दहा आहेत. आपल्या ओळखीच्या नावांखेरीज ललना, मनस् आणि सोम अशी आणखी तीन. आणि कुठल्या कमळाच्या कुठल्या पाकळीवर जीव विसावला असता गाणे सिद्ध होते, हे तो बारकाईने सांगतो. हृदयातल्या अनाहताच्या काही पाकळ्या गाण्याला अनुकूल, काही घातक. कंठातल्या विशुद्धाचे आणि ललनेचेही तसेच. आणि ब्रह्मरंध्रात अमृताने न्हालेला जीव गाण्यात उत्कर्ष पावतो. बाकीच्या चक्रांवर जीव असेल तर गाणे कधीच साधायचे नाही, असेही त्याने स्वच्छ सांगितले आहे. बाकीच्यांत मूलाधार आले, स्वाधिष्ठान आले, मणिपूरही आले. म्हणजे ज्या ठिकाणी तक्ता आपल्याला 'सा' लावायला बसवतो, त्या ठिकाणी बसून गाणे येणार नाही, अशी खुद्द ग्रंथकाराची ग्वाही!

मग हा इंद्रधनुष्यी तक्ता आला कुठून?

त्याचा माग काढीत गेले की पहिला मुक्काम केंब्रिजला पडतो. न्यूटनने लोलकातून सूर्यकिरण पार करून भिंतीवर रंगांचा पट्टा पाडला, ही गोष्ट शाळेपासून ठाऊक असते. त्या पट्ट्यात रेघा नसतात. एक रंग कधी सरला आणि दुसरा कधी सुरू झाला हे कोणी ठरवायचे? न्यूटनने आधी पाचच मुख्य रंग मोजले होते: तांबडा, पिवळा, हिरवा, निळा आणि जांभळा. मग त्याने नारिंगी आणि पारवा अशी दोघांची भर घातली. कशासाठी? तर संगीताच्या सप्तकात सात स्वर असतात आणि रंगांची विभागणी स्वरांच्या अंतरांशी जुळावी, असे त्याला वाटत होते. रंगांच्या सीमारेषा आखायला त्याने आपल्यापेक्षा तीक्ष्ण नजरेचा एक मदतनीसही घेतला होता. १७०४ साली निघालेल्या 'ऑप्टिक्स' ग्रंथात त्याने रंगांचे वर्तुळ काढले आहे आणि त्याचे सात भाग पाडले आहेत ते सप्तकाच्या प्रमाणात.

हे नीट ध्यानात घ्या, कारण सगळी मेख इथेच आहे. 'रंग सात आणि स्वरही सात, केवढे हे निसर्गाचे रहस्य!' असे आपण म्हणतो. पण रंग सात झाले ते स्वर सात होते म्हणून. माणसाने एका खिशातले नाणे दुसऱ्या खिशात ठेवले आणि मग दोन्ही खिसे चाचपून तो आश्चर्यचकित झाला!

दुसरा मुक्काम चक्रांचा. पूर्णानंद यतीने १५७७ साली रचलेल्या ग्रंथातला 'षट्चक्रनिरूपण' हा भाग सर जॉन वुड्रॉफ या कलकत्त्याच्या न्यायाधीशाने इंग्रजीत आणला आणि १९१९ साली त्याचे 'द सर्पेंट पॉवर' हे पुस्तक निघाले. पाश्चात्त्यांना चक्रांची सविस्तर ओळख झाली ती मुख्यतः इथून. त्यातले रंग पाहा. स्वाधिष्ठान शेंदरी, नाभीतले मणिपूर पावसाने ओथंबलेल्या ढगासारखे, हृदयातले अनाहत बंधूकाच्या, म्हणजे आपल्या तांबड्या दुपारीच्या फुलासारखे लाल, भुवयांमधले आज्ञाचक्र चंद्रासारखे पांढरे. हिरवे हृदय तिथे औषधालाही सापडत नाही. मग १९२७ साली थिऑसॉफिस्ट लेडबीटरने 'द चक्राज' लिहिले. आपल्याला दिव्यदृष्टीने दिसलेले रंग त्याने त्यात दिले, आणि स्वाधिष्ठान बाजूला सारून प्लीहेपाशी एक चक्र बसवले. पुढे पन्नास वर्षांनी, १९७७ साली, कॅलिफोर्नियात स्थायिक झालेल्या ख्रिस्तोफर हिल्स या इंग्रज गृहस्थाने 'न्यूक्लियर एव्होल्यूशन' या जाडजूड पुस्तकात न्यूटनचे इंद्रधनुष्य खालून वर अगदी ओळीने सात चक्रांवर चढवले, आणि आज दिसणारी रंगीत कमळे त्यानंतर जगभर पसरली. तिथून ती विमानाने भारतात परत आली. आपल्याकडे आल्यावर कोणी तरी त्यांच्यासमोर सारेगम मांडले आणि तक्ता पुरा झाला. तेव्हा 'हजारो वर्षां'चा हिशेब घातला तर तो पन्नासएक वर्षांपाशी येऊन थांबतो. देवगिरीच्या हिशेबनिसाने असा ताळेबंद मंजूर केला असता का, हा प्रश्नच आहे.

एखादी चाल नवी आहे म्हणून ती टाकाऊ, असे माझे मुळीच म्हणणे नाही. नवरात्रातल्या नऊ दिवसांचे नऊ रंग घ्या. या शतकाच्या आरंभी एका मराठी वृत्तपत्राने ते छापायला सुरुवात केली आणि पाहता पाहता मुंबईच्या लोकलचा महिलांचा डबा रोज एका रंगात न्हाऊन निघू लागला. शास्त्रात आधार आहे का म्हणून कोणी विचारले नाही, विचारायची गरजही नव्हती. कपाटात पडून राहिलेली मोरपंखी साडी बाहेर निघाली, चार मैत्रिणींनी एकत्र फोटो काढला, यात कोणाचे काय बिघडले? माझी तक्रार आहे ती साडी नेसवता नेसवता नाडी तपासणाऱ्यांबद्दल.

त्याचे एक उदाहरण आमच्याच इमारतीत घडले. वरच्या मजल्यावर एक वहिनी राहतात. दोन्ही मुले मार्गी लागली, यजमान निवृत्त झाले, आणि लहानपणी अर्धवट सुटलेले गाणे पुन्हा धरावे असे त्यांच्या मनात आले. अशाच एका वर्गात त्या जाऊ लागल्या. सात रविवार, सात स्वर, सात रंग. त्या त्या रविवारी त्या त्या रंगाची साडी नेसायची, त्या रंगाचा दिवा लावायचा आणि डोळे मिटून एकच स्वर अर्धा तास म्हणायचा. पहिल्या रविवारनंतर त्या जिन्यात भेटल्या तेव्हा त्यांचा चेहरा उजळला होता. म्हणाल्या, "भाऊजी, तीस वर्षांनी तोंड उघडून गायले हो. रडूच आले." ते रडू खरे होते. त्याची थट्टा करण्याची माझी प्राज्ञा नाही.

वहिनींना थायरॉईडचा जुना त्रास. रोज पहाटे उपाशीपोटी एक गोळी, आणि अर्धा तास चहा नाही, हा त्यांचा कित्येक वर्षांचा नेम. पंचमाच्या रविवारी वर्गाच्या संचालिकाबाईंनी सांगितले की, थायरॉईड म्हणजे विशुद्ध चक्राचा अडथळा. निळ्या प्रकाशात रोज पंचमाची साधना केली की ग्रंथी आपोआप जागी होते, मग गोळीची कुबडी कशाला? वहिनींनी गोळी बंद केली आणि घरात कोणाला सांगितले नाही. दोन महिन्यांत अंगावर सूज आली, भर मे महिन्यात थंडी वाजू लागली, जिना चढताना त्या दोनदा बसू लागल्या. आवाज घोगरा झाला, खाली उतरला. वर्गात त्याचेही कौतुकच झाले: "तुमचा खर्ज खुलतो आहे!" बिचाऱ्यांना तेही पटले. शेवटी त्यांच्या सूनबाईंनी औषधाच्या डब्यातल्या गोळ्या मोजल्या तेव्हा प्रकार उघडकीला आला. घरचे डॉक्टर शांत स्वभावाचे. ते एवढेच म्हणाले, "आवाज बसणे हे या आजाराचे लक्षण आहे, वहिनी. त्याला खर्ज म्हणत नाहीत." गोळी पुन्हा सुरू झाली, आणि काही आठवड्यांनी चेहऱ्यावरची सूज ओसरली.

म्हणून हा तक्ता जरा खरवडून पाहणे मला आवश्यक वाटते. तो रंगीत कागद आहे तोवर गोष्ट निराळी. पण तो औषधाच्या डब्यावर चिकटवला जातो तेव्हा त्याच्यामागे काय आहे हे घरातल्या माणसांना माहीत असलेले बरे.

विज्ञानाच्या नावानेही या तक्त्याची भलामण केली जाते. 'स्वर म्हणजे कंपने, रंग म्हणजेही कंपने, मग दोन्ही एकच नाहीत का?' प्रश्न वरकरणी बिनतोड वाटतो. पण ध्वनी हा हवेचा दाब कमीजास्त होण्याचा प्रकार. निर्वात पोकळीत तो जात नाही. प्रकाश हा विद्युत्‌चुंबकीय लहरींचा. सूर्यापासून पृथ्वीपर्यंतची पोकळी तो बिनदिक्कत ओलांडतो. धडधाकट कानाला सेकंदाला साधारण २० ते २०,००० कंपनांचा आवाज ऐकू येतो. आपल्या भाषेत सांगायचे तर कंपने दुप्पट झाली की एक सप्तक. त्या हिशेबाने कानाला जवळजवळ दहा सप्तके मिळाली आहेत. आणि डोळ्याला? दिसणारा प्रकाश सेकंदाला सुमारे ४०० ते ७९० लाख कोटी कंपनांचा. म्हणजे एक सप्तकदेखील पुरते भरत नाही! तार षड्ज दिसायच्या आतच डोळ्याची पेटी संपते. कानाच्या दहा सप्तकांवर डोळ्याचे हे अपुरे सप्तक बसवणार तरी कसे?

त्यातून आपल्या संगीतात षड्ज हा काही एका जागी खिळा ठोकून बसवलेला स्वर नाही. कोणी काळी एकमध्ये गातो, कोणी पांढरी दोनमध्ये, बायका बहुधा काळी चार किंवा पाचमध्ये. ज्याचा त्याचा षड्ज ज्याच्या त्याच्या गळ्यावर. एका घरात आजोबा, सून आणि नातू रियाजाला बसले तर तीन षड्ज निघतील. त्यांतला तांबडा कोणाचा?

आणि कोमल स्वरांचे काय? सप्तकात प्रत्यक्ष बारा स्वर वापरले जातात. तक्त्यात जागा सातांनाच. कोमल गांधार फिकट पिवळा धरायचा की तीव्र मध्यम गर्द हिरवा, यावर तक्ता मौन पाळतो. वर्ज्य स्वरांचा विचार केला तर अनर्थच ओढवतो. भूपात मध्यम आणि निषाद नाहीत. तक्त्याप्रमाणे पाहिले तर भूप गाणाऱ्याला हृदयही नाही आणि मस्तकही नाही. मालकंसात ऋषभ आणि पंचम वर्ज्य. मारव्यात पंचम नाही, ललतात पंचम नाही; म्हणजे ते रंगवणाऱ्यांचे कंठ तर कायमचे मिटलेले असायला हवेत!

स्वर ऐकताच ज्यांना खरोखर रंग दिसतात अशी माणसे असतात, हे मात्र नाकारता येणार नाही. एका इंद्रियाची संवेदना दुसऱ्या इंद्रियात उमटणे हा मेंदूचा एक स्वभावविशेष आहे. कोणाला अक्षरे रंगीत दिसतात, कोणाला वार, कोणाला सूर. अशा सर्व प्रकारांची मिळून शंभरांत चारेक माणसे निघतात, असे अभ्यासकांना आढळले आहे. पण गंमत अशी की, त्यांचे आपापसांत जमत नाही. रशियात स्क्र्याबिन आणि रिम्स्की-कोर्साकोव्ह असे दोन थोर रचनाकार होऊन गेले आणि दोघेही स्वरांना रंग असल्याचे सांगत. स्क्र्याबिनने तर १९१० साली पुऱ्या केलेल्या 'प्रॉमिथ्यूस' या रचनेत रंगीत प्रकाशाच्या पेटीसाठी स्वतंत्र ओळ लिहून ठेवली, आणि १९१५ साली न्यूयॉर्कमध्ये तिचा प्रयोग दिव्यांसह झाला. पण पाश्चात्त्यांचा 'सी' स्वरसमूह स्क्र्याबिनला तांबडा वाटे आणि रिम्स्की-कोर्साकोव्हला पांढरा. त्यांच्याही आधी, १७२५ साली, कास्तेल नावाच्या फ्रेंच पाद्र्याने डोळ्यांसाठी वाजवायची पेटी कल्पिली होती. त्याच्या लेखी तोच स्वर निळा होता. एका स्वराला तीन शहाणे आणि तीन रंग.

आपले पूर्वज याबाबतीत अधिक मोकळे होते, असे मला वाटते. भरताने 'नाट्यशास्त्रा'त रसांना रंग दिले: शृंगार श्याम, हास्य पांढरे, रौद्र लाल, अद्भुत पिवळे, आणि करुण कपोताच्या, म्हणजे पारव्याच्या रंगाचा. (शाळेत इंद्रधनुष्याचा सहावा रंग आपण पारवा म्हणून पाठ करतो, पण खिडकीच्या गजावर येऊन बसणारा पारवा पाहिला तर करुणाचा रंग लगेच कळतो.) रागमालांच्या चित्रकारांनी रागांना देह दिले. तोडी म्हणजे वीणा घेतलेली स्त्री आणि भोवती हरणे. भैरवी म्हणजे शिवाची पूजा करणारी. पण कोणी त्यातून ज्वर उतरवण्याचा दावा केला नाही, आणि एका गावच्या चित्रकाराने राग निराळा रंगवला म्हणून दुसऱ्या गावच्याने भांडण काढले नाही. ही भावाला रूप देण्याची रीत होती, रोगाला औषध देण्याची नव्हती.

गाण्याचा आणि रंगाचा खरा संबंध कुठे असेल, तर तो आपल्या रोजच्या भाषेत आहे, आणि तिथे तो फार जुना आहे. 'राग' हा शब्दच 'रंज्' धातूचा. त्याचा मूळ अर्थ रंगणे, रंगवणे. मतंगाने 'बृहद्देशी'त रागाचे लक्षण सांगितले तेही लोकांचे चित्त रंगवण्याचेच. आपण मराठी माणसे तर रंगाशिवाय गाण्याबद्दल बोलूच शकत नाही. मैफल रंगते, गवई रंगात येतो, तबला आणि गळ्याच्या जुगलबंदीला रंग चढतो, कीर्तनाला पूर्वरंग आणि उत्तररंग असतो, आणि ज्याच्यापुढे टाळ-मृदंग वाजतात तो देव पांडुरंग. यातला रंग तांबडा की हिरवा असे कोणी विचारीत नाही. कापड रंगात बुडवले की धागान् धागा त्याचा होतो, तसे ऐकणाऱ्याचे व्हावे, एवढाच त्याचा अर्थ.

शार्ङ्गदेवानेही शेवटी हाच रस्ता धरला. चक्रांचे आणि पाकळ्यांचे वर्णन आटोपल्यावर तो म्हणतो की, अनाहत नादाची उपासना मुनी करतात आणि त्याने मुक्ती मिळते, हे खरे. पण त्या नादात रंजकता नाही, लोकांचे मन त्याने रमत नाही. म्हणून आपण आता आघाताने उमटणाऱ्या नादाचे वर्णन करू, जो लोकांना रंजवतोही आणि भवबंध तोडतोही. एवढे बोलून हा हिशेबनीस चक्रे मागे ठेवतो आणि श्रुती मोजायला बसतो. सात अध्यायांतला उरलेला बहुतेक पसारा गळा, बोटे, कातडे, तार, लय आणि पदन्यास यांचा आहे.

चित्ताच्या शांतीचे म्हणाल तर तीही गाण्यातून मिळते, आणि तिला रंगीत दिवे लागत नाहीत. इटलीतल्या पाव्हिया येथील संशोधकांनी २३ निरोगी माणसांना लॅटिन जपमाळ आणि 'ॐ मणिपद्मे हुम्' हा मंत्र म्हणायला लावून त्यांचा श्वास आणि नाडी मोजली. २००१ साली त्यांचा निबंध ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये आला. दोन्ही जपांत श्वास मिनिटाला सहाच्या आसपास येऊन स्थिरावला, आणि हृदयाच्या गतीलाही एक संथ लय आली. आपल्याकडचे जुने गुरू पहाटे उठवून तास-तास खर्ज लावायला लावीत, तेव्हा त्यांच्याजवळ नाडी मोजायचे यंत्र नव्हते. पण शिष्य लांब श्वासाने गातो आहे की धापा टाकतो आहे, हे त्यांना पलीकडच्या खोलीतून कळत असे. वहिनींना पहिल्या रविवारी जे रडू आले ते बहुधा याच वाटेने आले असावे. त्या आता आमच्या गल्लीतल्या भजनी मंडळात जातात. तिथे फी नाही, साडी कुठलीही चालते, फक्त चहाची पाळी येते.

आता दिवाळी पहाटेचे कार्यक्रम होतील. पहाटे पाचला अभ्यंग उरकून, नव्या कपड्यांच्या घड्या न मोडता आपण सभागृहात जाऊन बसू. या खेपेला एक करून पाहा. निवेदक बोलायचे थांबतात आणि गायक पहिला सूर लावतो, त्याच्या मधल्या दोनतीन मिनिटांत तंबोरे जुळत असतात. बहुतेक जण तेव्हा खुर्ची सरकवतात, फराळाच्या पिशव्यांची जागा करतात. तेवढा वेळ नुसते तारांकडे कान लावून बसा. तारा लावलेल्या असतात पंचमात आणि षड्जात. गांधाराची तार तंबोऱ्याला नसते. पण जोड्या नेमक्या मिळाल्या, जवारी नीट लागली, की त्या झंकारातून कोणीही न छेडलेला गांधार आपोआप उमटू लागतो. षड्जाच्या पोटात दडलेला तो पाचवा उपस्वर; गवई त्याला स्वयंभू गांधार म्हणतात. एकदा ऐकू आला की मग कानाआड करता येत नाही. तक्त्यात तो पिवळा आहे आणि शार्ङ्गदेवाच्या यादीत सोन्याचा. तेवढ्यापुरते दोघांचे जमते.